तात्यांच्या वाळवणातले सेल

आमच्या शेजारच्या तात्यांच्या गच्चीवर उन्हाळ्यात कुरडयांच्या बाजूला सेल वाळत घातलेले असत. रेडिओचे, बॅटरीचे, भिंतीवरच्या घड्याळाचे. कुणी हसलं, की तात्या एखादा सेल उचलून कानाशी हलवत आणि म्हणत, "जीव हाय आजून ह्याच्यात!" साखर कारखान्यातून रिटायर झालेला हा माणूस काही म्हणता काही टाकून देत नसे.

श्रीगोंद्यात तेव्हा रिमोटवाली मोटार म्हणजे नवलच. तात्यांची बायको, म्हणजे आमच्या काकू, अर्धांगवायूनं अंथरुणाला खिळल्या, तेव्हा त्यांना दवाखान्यात न्यायला म्हणून मुलानं आपली मोटार इथं आणून ठेवली. तात्यांना चालवता येत नव्हती, ड्रायव्हर बोलवावा लागे. एरवी ती काकूंच्या खिडकीखाली उभी. रिमोट मात्र कायम तात्यांच्या खिशात. बाहेरून परतताना ते गल्लीच्या कोपऱ्यावरूनच बटण दाबत आणि मोटार टुंई-टुंई ओरडे. आम्हाला वाटे, म्हातारा मिरवतोय.

एकदा कोपऱ्यावरून मोटार वाजेना. तात्यांनी पुढं येऊन कडुनिंबापाशी बटण दाबलं, तेव्हा वाजली. मग तिथूनही बंद झाली, फाटकापाशी वाजू लागली. तात्यांचं जेवणावरचं लक्ष उडालं. त्यांनी मोटार धुतली, काचा पुसल्या, शेवटी रिमोटच दिवसभर उन्हात ठेवला. फरक शून्य.

"तात्या, सेल उतरलाय," मी म्हणालो. "बटण दाबल्यावर दिवा बघा, नुसता मिणमिणतोय."

"कालच ऊन दिलंय, मास्तर! मोटारीलाच आयकू कमी येतंय."

"मग जवळ येऊन दाबा की."

"जवळनं काय उपेग?" ते एकदम खेकसले. "कोपऱ्यावरनंच वाजली पायजे!"

नगरला गेलो तेव्हा नाण्याएवढा चपटा सेल शोधून आणला. रिमोट उचकटून जुना काढला, नवा बसवला. जुना तात्यांनी हळूच खिशात टाकला, अर्थात वाळवणासाठी, आणि ते तरातरा कोपऱ्याकडं निघाले. मी मोटारीपाशी थांबलो.

टुंई-टुंई!

"आले बाई!" खिडकीतून काकूंचा आवाज आला. मग मला म्हणाल्या, "मास्तर, हे भायेर गेले की माजा जीव थाऱ्यावर नसतो. मोटार वरडली की कळतं, कोपऱ्यावर आल्यात. तेवढाच धीर."

तेवढ्यात तात्या धापा टाकत पोचले.

"किती दिस चालंल ह्यो?"

"वर्षभर तरी सहज."

त्यांनी खिडकीकडं पाहिलं.

"मग आनखी धा-बारा आनून ठिवा, मास्तर. लागत्याल."