परचुरे काकांची रूबार्बची बॅच

मी हे लिहायला बसलोय, त्याबद्दल आधी माफी मागतो. आमच्या घरात आजवर जे काही लिहिलं गेलं, ते 'महोदय, वरील विषयास अनुसरून' असं सुरू होऊन 'आपला विश्वासू' असं संपलं. वडिलांचं परतूरला शिलाईचं दुकान आहे आणि कॉलेजात गेलेला घरातला मी पहिलाच. त्यामुळे ज्या चौऱ्याहत्तर वर्षांच्या माणसाने मला घरात जागा दिली, त्याच्याविषयी असं मोकळं काही लिहायचं म्हणजे जरा धाकधूक वाटते. पण परचुरे काका हेल्मेट घालून केक भाजतात, आणि हे कुणीतरी लिहून ठेवायला हवं असं मला वाटतं.

केक नाही, 'क्रिस्प'. केक म्हटलेलं त्यांना चालत नाही.

अमेरिकेत पिस्कॅटवेला युनिव्हर्सिटीपासून बसने दहा मिनिटांवर त्यांचं घर आहे आणि वरच्या मजल्यावरच्या खोलीत मी राहतो. पहिल्या दिवशी दोन बॅगा घेऊन मी बेल वाजवली, तेव्हा दार उघडलं ते पिवळं हेल्मेट आणि डोळ्यांवर कारखान्यातला जाड चष्मा घातलेल्या एका किडकिडीत गृहस्थाने. मला वाटलं, घराचं बांधकाम चाललंय.

"गजानन ना? बूट काढ. दुसरं हेल्मेट खुंटीवर आहे."

"काका, वरून काही पडतंय का?"

"पडल्यावर घालायचं असतं का?"

काका केमिकल इंजिनिअर. एकतीस वर्षं प्लँटमध्ये काढली. तिथला नियम त्यांनी घरी आणला: शंभर अंशांच्या वर काहीही चाललं असेल, तर डोक्यावर हेल्मेट. चहाला सूट होती, कारण चहा शंभराच्या वर जात नाही. ओव्हनला नव्हती. ओव्हन लावला की ते त्याच्यासमोर स्टूल टाकून बसायचे, हातात टॉर्च, मांडीवर वही. अशा वेळी मी जिन्यावरून उतरताना दिसलो तर म्हणायचे, "हळू. बॅच आत आहे."

त्यांचं आणखी एक वाक्य होतं. "पाणी कुठून आलं?" प्लँटमध्ये काहीही बिघडलं की त्यांच्या मते कारण एकच, नको तिथे पाणी. मला पहिल्या परीक्षेत कमी मार्क पडले, तेव्हा त्यांनी पेपर उलटसुलट पाहिला आणि गंभीरपणे विचारलं, "पाणी कुठून आलं?" मी म्हटलं, तिसऱ्या प्रश्नापासून. ते म्हणाले, "मग तिथला व्हॉल्व्ह बघ."

आता रूबार्ब. हे काय असतं, मलाही माहीत नव्हतं. लांब, लालसर, बोटाएवढे जाड देठ आणि वर सुपाएवढं हिरवं पान. देठ आपल्या चुक्यासारखा आंबट. त्याचे तुकडे करून साखरेत घालायचे, वरून ओट्स, मैदा, ब्राउन शुगर आणि बटर यांचा चुरा पसरायचा आणि भाजायचं. खाली आंबटगोड रस आणि वर खुसखुशीत, भुरभुरीत थर. हे झालं पुस्तकात. काकांच्या बॅच नंबर तीनचा वरचा थर चिक्कीसारखा झाला होता. तो फोडायला त्यांनी गॅरेजमधून हातोडी आणली आणि मला चष्मा घालायला लावला.

हा सगळा उद्योग शेजारच्या रूथसाठी होता. रूथ एक्क्याऐंशी वर्षांच्या. आयुष्यभर शाळेची बस चालवलेली, त्यामुळे आवाज असा की कुंपणापलीकडून बोलल्या तरी आपण सीटवर सरळ बसावं. रूबार्ब त्यांच्याच अंगणातला. सव्वीस वर्षं त्या दर वसंतात क्रिस्प करून कुंपणावरून काकांना द्यायच्या, आणि काका भांडं परत देताना त्यात सुधारणांची चिठ्ठी ठेवायचे.

यंदा मार्चमध्ये रूथ घराच्या पायऱ्यांवरून घसरल्या आणि खुब्याचं हाड मोडलं. ऑपरेशन झालं, पण नंतर त्यांना जिथे व्यायामासाठी ठेवलं होतं तिथे त्या नीट जेवेनात. अंगात ताकद नाही म्हणून चालता येईना. ओहायोत त्यांचा भाचा असतो. तो काकांना सरळ म्हणाला, "मे संपेपर्यंत आंटीला स्वतःच्या घराच्या चार पायऱ्या चढता आल्या नाहीत, तर घर विकून मी तिला माझ्याजवळच्या वृद्धाश्रमात नेणार."

काकांनी वही उघडून वर लिहिलं, 'चार पायऱ्या'. खाली लिहिलं, 'बॅच १'.

दर रविवारी आम्ही रूथना भेटायला जायचो. गाडी काका चालवायचे, बॅच माझ्या मांडीवर. डबा तिरका होऊ द्यायचा नाही. वळण आलं की काका ओरडायचे, "लेव्हल, लेव्हल," आणि मी गाडीच्या उलट्या बाजूला झुकायचो. तिथे पोचलं की रूथ एक चमचा खायच्या आणि चमचा खाली ठेवायच्या.

"श्री," त्या म्हणायच्या. काकांचं नाव श्रीधर, पण त्यांना श्री म्हणणारं माणूस मी दुसरं पाहिलं नाही. "श्री, हे खायचं आहे की प्यायचं?"

"देठांना पाणी सुटलं."

"पाण्याला दोष देऊ नकोस."

सहा बॅचेस अशा गेल्या. सातवीच्या वेळी मी धीर करून म्हटलं, "काका, बटर वितळवून नका घालू. आई शंकरपाळ्यांना मोहन घालते तेव्हा पीठ चोळून मुठीत दाबते. मुटका वळला पाहिजे आणि बोट लावल्यावर मोडला पाहिजे."

"मुटका हे युनिट आहे का?"

"नाही."

"मग वहीत काय लिहू?"

पण त्यांनी थंड बटरचे तुकडे घेतले आणि चोळायला लागले. हेल्मेट घातलेले दोन इसम मुठी आवळून ओट्सकडे बघतायत, हे खिडकीतून कुणी पाहिलं असतं तर काय वाटलं असतं, कोण जाणे. मुटका वळला. काकांनी त्याला एक बोट अलगद टेकवलं आणि तो मोडला. त्यांनी वहीत लिहिलं, 'मुटका. १.'

या यशाने माझं डोकं फिरलं. त्याचं झालं असं की देठ घेतल्यावर काका पानं मागच्या अंगणात ढिगावर टाकायचे. एवढी मोठी, कोवळी, ताजी पानं. माझ्यासारख्याला ती अळूसारखीच दिसणार ना? मला दर आठवड्याला वाईट वाटायचं. त्या रविवारी काका सामान आणायला गेल्यावर मी ढिगावरची चांगली चार पानं उचलली, धुतली, बेसन, चिंच, गूळ लावून गुंडाळली, वाफवली, परतली. अळूवड्या सुरेख झाल्या. दोन खाऊन पाहिल्या, बाकीच्या स्टीलच्या डब्यात भरल्या. म्हटलं, रूथआजींसाठी आपलंही काहीतरी असावं.

तिकडे गेल्यावर रूथ म्हणाल्या, आज काहीच नको. क्रिस्पचा डबाही उघडू देईनात. मग मी माझा डबा पुढे केला. हिरवी चक्रं पाहून त्यांना जरा कुतूहल वाटलं. त्यांनी एक वडी उचलली.

काका कौतुकाने म्हणाले, "वा रे गजा. अळू कुठे मिळाला तुला? इंडियन स्टोअरला?"

"नाही काका. आपल्याच मागच्या ढिगावरचा."

काकांचा चेहरा बदललेला मी पाहिला, पण त्यांचा हात पाहिला नाही. त्यांनी अशी चापट मारली की रूथच्या हातातली वडी उडाली आणि दारातून आत येणाऱ्या नर्सच्या फायलीवर जाऊन चिकटली.

"अरे गाढवा, रूबार्बची पानं विषारी असतात. किती खाल्ल्यास?"

"दोन."

मग त्यांनी विषबाधेच्या हेल्पलाइनला फोन लावला. बोलणं प्लँटमधलं. "नमस्कार. पुरुष, वय तेवीस, वजन अंदाजे एकसष्ट किलो. दोन वड्या." पलीकडच्या बाईंनी बहुधा विचारलं, वडी म्हणजे काय. "वडी म्हणजे... एक पान असतं, त्याला पेस्ट लावायची... नाही, टूथपेस्ट नाही. बेसन. मग गुंडाळायचं. मग वाफवायचं. हो, चिंच असते. नाही मॅडम, रेसिपी नाही देत, तुम्हीच विचारताय."

आधी नर्स हसली. मग रूथ. रूथ अशा हसल्या की पलंगाच्या दांड्याला धरून बसल्या. डोळे पुसत त्यांनी मला विचारलं, "बेटा, तू मला मारायला आला होतास का?" मला रडायला येत होतं. मी म्हटलं, "नाही, आजी." त्या पुन्हा हसल्या.

हेल्पलाइनच्या बाईंनी सांगितलं, दूध द्या, काही त्रास वाटला तर लगेच कळवा. काकांनी मला तिथल्या खुर्चीत बसवलं, एकामागून एक तीन पेले दूध पाजलं आणि संध्याकाळपर्यंत दर पंधरा मिनिटांनी माझी नाडी पाहून वहीत लिहीत राहिले. मला काही झालं नाही. पण या गडबडीत कुणाचं लक्ष नसताना रूथनी क्रिस्पचा डबा स्वतःच उघडला होता. काका परत वळले तेव्हा त्या डबा चमच्याने खरवडत होत्या.

"श्री," त्या म्हणाल्या, "हे बरं आहे."

सात बॅचेसमधला हा पहिला चांगला शेरा. काका खिडकीकडे वळून बराच वेळ पार्किंग बघत बसले.

त्यानंतर त्या खायला लागल्या. दोन पायऱ्या चढल्याची बातमी आली, मग तीन. चौथी मात्र जमेना. मे संपत आला.

त्याच सुमारास एकदा मी सकाळी सातला लॅबला निघालो होतो. पाहिलं तर काका किल्ली घेऊन रूथच्या रिकाम्या घरात शिरत होते. थोड्या वेळाने तिथल्या स्वयंपाकघराच्या खिडकीचा पडदा वर गेला. काका बाहेर आले, आपल्या घरात गेले आणि समोरासमोरच्या आपल्या खिडकीचा पडदा वर केला. मग चहा ठेवला. संध्याकाळी जाऊन त्यांनी तिकडचा पडदा खाली केला. रोज असं करतात, हे मला नंतर कळलं. रूथ घरी होत्या तेव्हा रोज सकाळी आधी त्यांचा पडदा वर जायचा, मग काकांचा.

"काका, तिथे तर कुणी नाही," मी म्हटलं.

"कुंड्यांना ऊन लागतं."

आत कुंड्या नव्हत्या.

मग मेच्या शेवटच्या सोमवारी एक माणूस टेप घेऊन रूथच्या पुढच्या पायऱ्या मोजताना दिसला. काका आमच्या खिडकीतून बघत होते. "आला," एवढंच म्हणाले. "घर विकायचं तर आधी मोजतात." त्यांनी भाच्याला फोन केला नाही. म्हणाले, "त्याने जे ठरवलंय ते ऐकायला कशाला फोन करू?" त्या दिवसापासून ओव्हन बंद. हेल्मेट खुंटीवर. मंगळवारी आणि बुधवारी जेवायला आम्ही दोघांनी समोरासमोर बसून नुसता वरणभात खाल्ला.

पुढच्या दिवशी दुपारी ते फोन घेऊन माझ्या खोलीत आले. "हा सारखा काहीतरी भरलंय म्हणतो. बघ जरा." व्हॉइसमेल भरला होता. काका व्हॉइसमेल कधीच ऐकत नाहीत. त्यांचं म्हणणं, माणूस नसताना माणसाचं ऐकायचं कशाला? मी एकेक पुसत गेलो. दाताचा डॉक्टर, लायब्ररी, गाडीची वॉरंटी. मग रविवारी रात्रीचा एक निघाला. भाच्याचा आवाज होता, म्हणून स्पीकर लावला.

"मिस्टर परचुरे, आज तुम्ही गेल्यावर आंटी चारही पायऱ्या चढली. दोनदा. घर विकत नाही. सोमवारी कठड्याचं माप घ्यायला सुतार येईल, दचकू नका. मी तिला गुरुवारी संध्याकाळी घरी घेऊन येतोय."

मग खडखड झाली आणि रूथचा आवाज आला. तोच, बसचा. "श्री, तुझ्या क्रिस्पमध्ये दालचिनी जास्त होते. आल्यावर दाखवते."

काका पलंगाच्या कडेला बसले. फोन केव्हाच बंद झाला होता तरी त्याच्याकडे बघत होते.

"आज वार कोणता रे?"

"गुरुवार, काका."