बिबटेसाहेब व सहकारी

एका जंगलात टेनिस आलं.

कसं आलं ते विचारू नका, मुलांनो. जंगलात गोष्टी अशाच येतात. आधी वणवा आला, मग वणव्याची चौकशी करायला समिती आली, मग टेनिस आलं. डाकबंगल्यामागे कुणीतरी टाकून दिलेल्या दोन रॅकेटी माकडांनी उचलून आणल्या आणि आठवड्याभरात सगळं जंगल गुडघ्याला पट्टा बांधून हिंडू लागलं. ज्यांना गुडघे नव्हते त्यांनीही बांधला. सापाने तर तीन ठिकाणी बांधला.

मैदान तयार झालं. जाळं कोळ्याने विणलं. चुना मिळेना म्हणून रेषांच्या जागी मुंग्या उभ्या केल्या. चेंडू रेषेवर पडला, की ज्यांच्या अंगावर पडला त्या मुंग्या "आत! आत!" असं ओरडत. त्यांच्या शब्दावर कधी कुणी शंका घेतली नाही. पंच म्हणून घुबडाला बसवलं, कारण त्याचा चेहरा गंभीर होता. दिवसा त्याला काही दिसत नसे, पण तसं त्याला कुणी विचारलंही नव्हतं.

खेळाचे प्रकार दोन. एकेरी आणि दुहेरी. एकेरीत एकटा खेळतो आणि सगळं जंगल बघतं. दुहेरीत दोघं खेळतात आणि दोघांच्या घरचे बघतात, तेही घरी पाहुणे नसतील तर.

आपले धनेशराव दुहेरीचे.

धनेश पाहिलाय ना तुम्ही? हा एवढा मोठा पक्षी, हातभर पिवळी चोच, आणि त्या चोचीवर दुसरी चोच विसरून राहिल्यासारखं शिंग. धनेशरावांना पायात रॅकेट धरता येईना. तेव्हा टेनिस संघटनेने सात बैठका घेतल्या आणि त्यांच्या चोचीलाच रॅकेट मानलं. उडायला मात्र बंदी. खेळताना पंख हलला की गुण गेला.

जाळ्यापाशी धनेशराव उभे राहिले की पलीकडून माशी येत नसे. चेंडू दिसला की टक्! संपला विषय. पण मागे धावणं त्यांना जमेना. जमिनीवर धनेश टुणूक टुणूक चालतो, तुम्ही पोत्याची शर्यत लावता ना, तसा. म्हणून मागे कुणीतरी धावणारा लागे. म्हणून दुहेरी.

पहिला जोडीदार रानडुक्कर. तो प्रत्येक चेंडूला "माझा!" म्हणायचा, अगदी धनेशरावांच्या चोचीत असलेल्यालाही. दुसरं साळिंदर. दुहेरीत असा रिवाज आहे, की गुण मिळो वा जावो, दोघांनी एकमेकांना टाळी द्यायची. धनेशरावांनी तीन मोसम टाळ्या दिल्या आणि तीन मोसम काटे काढले. असं करत करत शेवटी कासव. स्वभावाने फार चांगलं. पण मागे गेलेला चेंडू ते आणायला जाई, तेव्हा प्रेक्षक जेवून येत.

सगळ्यांबरोबर धनेशराव जिंकले. आणि जिंकल्यावर सगळ्यांनी त्यांना एकच वाक्य ऐकवलं.

"धनेशराव, तुमचे उपकार विसरणार नाही. आता जरा एकेरीत नशीब आजमावून बघतो."

कासवानेसुद्धा!

"अवश्य, अवश्य," धनेशराव म्हणत आणि नवा जोडीदार शोधायला लागत. असे अकरा झाले.

आता अकरा जणांशी कसं जमलं, म्हणाल. त्याला युक्ती होती. दुहेरीतला सगळ्यात अवघड चेंडू म्हणजे बरोबर मधून येणारा. दोघांनी आपला म्हटलं तर डोक्यावर डोकं आपटतं. दोघांनी दुसऱ्याचा म्हटलं तर तो मधून निघून जातो आणि दोघं एकमेकांकडे बघत राहतात. घराघरांतही हेच चालतं, पण ते तुम्हाला मोठेपणी कळेल. तर मधला चेंडू आला, की धनेशराव ओरडत, "तुमचा!" जोडीदाराने मारला तर म्हणत, "वा!" चुकला तर म्हणत, "माझी चूक."

'माझी चूक' हे ते इतक्या वेळा म्हणाले होते, की झोपेतही म्हणत.

पाणवठ्यावर कुणी भेटलं, की विचारी, "तुम्ही त्या रानडुकराबरोबर खेळता तेच ना?"

"कासवाबरोबर," धनेशराव सांगत. "रानडुक्कर सगळ्यात पहिले."

"हां हां. छान खेळतं हो कासव."

जंगलाच्या मधोमध एक जुना वड होता. अजिंक्यवीरांची नावं त्याच्या खोडावर सुतारपक्षी कोरायचा. फक्त एकेरीतली. दुहेरीचा निकाल कावळा एकदा ओरडून सांगे, तोही उडता उडता.

वडाच्या पलीकडच्या झाडावर धनेशरावांचं घर. त्या मोसमात ढोलीत धनेशवहिनी बसल्या होत्या. धनेशांची रीत अशी, की अंडी घालायची वेळ आली, की मादी ढोलीत शिरते आणि तोंड चिखलाने लिंपून घेते. राहते ती बोटभर फट. त्या फटीतून नर तिला उंबरं भरवतो. आत तिची पिसं झडतात, नवी येतात, पिल्लं निघतात, वाढतात. चार-चार महिने ती बाहेरचं आभाळ बघत नाही. यात धनेशरावांची कुचराई नव्हती हं. सामन्याच्या विश्रांतीत बाकीचे नारळपाणी पीत, तेव्हा धनेशराव उंबरं घेऊन घरी जात. ढोलीखाली त्यांनी सुताराकडून मोठ्या हौसेने पाटीही कोरून घेतली होती : 'धनेशराव व परिवार'.

"अहो, आज कोण जिंकलं?" आतून वहिनी विचारत.

"आम्ही."

"मग? नाव घेतलं का कुणी तुमचं?"

"कावळा म्हणाला, कासव आणि त्यांच्याबरोबरचे."

"मेला कावळा," वहिनी म्हणत आणि उंबर आत ओढून घेत.

त्या वर्षी संघटनेचे अध्यक्ष कोल्होबा यांना एक कल्पना सुचली. दुहेरी कुणी बघत नाही ना? मग एकेरीतला राजाच दुहेरीत उतरवू! एकेरीतले राजे म्हणजे बिबटेसाहेब. पाच वेळचे अजिंक्यवीर. त्यांच्या ठिपक्यांची नक्कल करून हरणांची पोरं अंगाला चिखल लावत, आणि हरणांना ते आवडतही असे. यावरून काय ते समजा.

"खेळीन," बिबटेसाहेब म्हणाले. "पण जोडीदार असा द्या, जो सगळं खेळेल आणि दिसणार नाही."

"आमच्याकडे एकच आहे," कोल्होबा म्हणाले.

शिवाय त्यांनी जाहीर केलं, की या वर्षीपासून दुहेरीच्या विजेत्यांचंही नाव वडावर कोरलं जाईल.

धनेशराव त्या दिवशी घरी आले ते उंबरं आणायला विसरूनच. फटीला चोच लावून म्हणाले, "अगं, वडावर! नाव! चोचीला आता चीर पडलीय, पुढच्या वर्षी काही मी खेळत नाही. पण पिल्लं बाहेर आली, की आधी त्यांना तो वड दाखवीन. म्हणेन, वाचा."



"वड काय, चार फांद्यांवर तर आहे," वहिनी म्हणाल्या. "कोरतील तेव्हा टकटक मला इथे ऐकू येईल. मी कान देऊन बसेन हो."

अंतिम सामना मुंगूस बंधूंशी होता. हे जुळे भाऊ एकाच वेळी एकच वाक्य बोलत. त्यांना कधी काही ठरवावं लागत नसे. आणि आपल्या बाजूला? धनेशराव जाळ्यापाशी उभे राहून पाठीमागे शेपटीने खूण करीत. शेपूट डावीकडे, म्हणजे मी डावीकडे जातो. जोडीच्या खेळातली ही जुनी भाषा.

"तुम्हाला मागे काही चावतंय का?" बिबटेसाहेबांनी विचारलं.

दर गुणानंतर दोघं डोक्याला डोकं लावून, तोंडावर रॅकेट धरून कुजबुजत. प्रेक्षकांचा श्वास अडके. केवढे डावपेच शिजत असतील!

"माझी उजवी बाजू चांगली दिसते की डावी?" बिबटेसाहेब कुजबुजत.

"उजवी," धनेशराव म्हणत. "सर्व्हिस जरा मधे करा."

"माकडं डावीकडे बसलीत हो कॅमेरे घेऊन."

तरी सामना शेवटच्या गुणापर्यंत आला. कसा आला? बिबटेसाहेबांनी टाळ्यांसाठी सोडलेले चेंडू धनेशरावांनी उचलले, टाळ्यांसाठी मारलेले धनेशरावांनी निस्तरले. चोचीची चीर शिंगापर्यंत गेली. प्रेक्षक म्हणाले, "आज बिबटेसाहेब काय खेळतायत!"

शेवटचा गुण. मुंगसांनी चेंडू मारला, तो नेमका मधून. बिबटेसाहेब त्या वेळी डावीकडे वळून उजवी बाजू कशी दाखवता येईल ते बघत होते. धनेशरावांच्या घशात रोजचा शब्द आला. "तु..."

आणि वड आठवला.

"माझा!" धनेशराव ओरडले. जन्मात पहिल्यांदा.

टक्! चेंडू पलीकडच्या रेषेवर. "आत! आत!" मुंग्या कण्हल्या. जिंकले!

बिबटेसाहेब दचकले. काहीतरी चांगलं झालंय, एवढं त्यांच्या ध्यानात आलं आणि त्यांनी दोन पुरुष उंच उडी मारून डरकाळी फोडली. माकडांचे कॅमेरे खटखटले. फोटो फार सुरेख आला. कडेला पिवळं काहीतरी आलं होतं, तेवढं कापून टाकलं.

संध्याकाळ व्हायच्या आत सुतारपक्षी वडावर बसला. टकटक टकटक सुरू झाली. धनेशराव वडाखाली मान वर करून उभे. बराच वेळ चाललं. भुसा खाली पडला. सुतार बाजूला झाला.

'बिबटेसाहेब व सहकारी'.

"सुतारदादा," धनेशराव म्हणाले, "माझं नाव...?"

"जागा कुठाय, धनेशराव?" सुतार चोच पुसत म्हणाला. "पहिलं नाव मोठ्या अक्षरांत घेतलं की दुसऱ्याला जागा उरत नाही. सगळीकडे असंच कोरतो आम्ही. 'सहकारी' म्हणजे तुम्हीच की! दुसरं कोण आहे?"

धनेशरावांना फार वाईट वाटलं, मुलांनो. पण ते जन्मभर दुहेरी खेळलेले. भांडायचं कसं, ते त्यांना येत नव्हतं. ते उंबरं घेऊन घरी गेले.

"अहो, ऐकलं! सगळं ऐकलं!" फटीतून वहिनींचा आवाज आला. "केवढा वेळ चालली होती टकटक! पूर्ण नाव घातलं वाटतं?"

धनेशरावांनी उंबर आत सरकवलं.

"हो," ते म्हणाले. "पूर्ण."

पुढे ज्येष्ठात ढोलीची भिंत फुटली. पिल्लं बाहेर आली. शेजारपाजारचे जमले. "धनेशरावांची पिल्लं! चोच बघा, अगदी धनेशराव!" साळिंदर म्हणालं, "एवढा खेळ सांभाळून एकट्याने वाढवली हो बिचाऱ्यांनी."

वहिनींनी नवे पंख ताणले, एकदा आभाळाकडे बघितलं आणि थेट वडावर जाऊन बसल्या. धनेशराव मागोमाग गेले. वहिनींनी कोरलेलं वाचलं. मग परत वाचलं.

"मी सांगणारच होतो," धनेशराव म्हणाले आणि मग त्यांचा बांध फुटला. "अन्याय आहे गं हा! सगळं मी करायचं. दिसायचं त्याने. टाळ्या त्याला, फोटो त्याचा. आणि मी कोण? तर 'व सहकारी'! मला काय नाव नाही? आई-बापांनी ठेवलेलं?"

वहिनींनी सगळं ऐकून घेतलं. मधे तोडलं नाही.

"खरं आहे तुमचं," त्या म्हणाल्या. "चला घरी."

घरी आल्यावर त्या ढोलीत शिरल्या नाहीत. खालच्या फांदीवर बसल्या आणि चोचीने पाटीकडे दाखवलं.

"ही कधी कोरून घेतलीत?"

"तू आत होतीस तेव्हा. हौसेने."

"हो. टकटक ऐकली होती मी," वहिनी म्हणाल्या. "फार वेळ चालली होती. मला वाटलं, दोघांचं नाव घातलं."

धनेशरावांनी पाटी वाचली. स्वतःचीच पाटी, पण वाचली अशी पहिल्यांदाच. चेंडू बरोबर मधून आला होता आणि कुणी ओरडलंही नव्हतं.

"माझी चूक," ते सवयीने म्हणाले. मग त्यांच्या लक्षात आलं, की या वेळी ती खरोखरच त्यांची होती.

"बाराजणांना म्हणून झाली," वहिनी म्हणाल्या. "तेराव्या खेपेला का होईना, माझा नंबर लागला."

दुसऱ्या दिवशी सकाळीच धनेशरावांनी सुताराला बोलावलं. पाटीवर वहिनींचं नाव घालायचं म्हणाले. सुताराने झाडाला एक फेरी मारली, वरून बघितलं, खालून बघितलं, मान हलवली.

"जागा कुठाय, धनेशराव?"

आणि हो, मुलांनो. वहिनींचं नाव काय, ते तुम्ही इतक्या वेळात एकदाही विचारलं नाहीत. मीही सांगितलं नाही. मलाही ठाऊक नाही.

तात्पर्य : एकीचे बळ, मिळते फळ, हे अगदी खरे. मात्र ते कोणाला मिळते, हे म्हणीत सांगितलेले नाही. ही म्हण ज्याने केली तो बहुधा एकेरी खेळत असावा, आणि त्याची बायको तेव्हा ढोलीत असावी.