बकासुराची पाठ

सिनेमातलं एकही काम असं नाही जे गैबीला येत नाही, असं गैबीचं स्वतःचं मत होतं, आणि कुणी विचारायच्या आधीच तो ते सांगत असे. ताबूत रंगवणाऱ्या घरातला पोरगा. पडदे रंगवायचा, दाढ्या चिकटवायचा, लुगडं नेसून बाईचं कामही करायचा. जीव मात्र कॅमेऱ्याच्या हँडलात अडकलेला. शाहू महाराजांच्या कोल्हापुरात हलत्या चित्रांचं वेड तेव्हा नुकतंच शिरलं होतं. एका कंपनीचे मालक सयाजीराव त्याला म्हणाले, आधी स्वतः चित्र काढून दाखव, मग हँडलाला ठेवतो. वर एक जुना कॅमेरा आणि उरलेल्या फिल्मचा तुकडा दिला. दुसरा मिळणार नाही, हेही बजावलं.

गैबीनं भीम-बकासुराची कुस्ती योजली. बकासुर झाला दिलदार, शिवाजी पेठेतल्या तालमीचा पैलवान. भीम झाला गुंडू शिंपी, कारण कपडे त्यानं फुकट शिवले होते. पोटाला कापूस बांधून त्याला भीमाएवढा केला. शेवटी भीमाला ओवाळायला ब्राह्मणाची बायको हवी होती, पण कॅमेऱ्यापुढं यायला एकही बाई तयार होईना. मग गैबीनंच नुकतीच राखलेली मिशी काढली. बाई व्हायची ही शेवटची वेळ, असं आरशाला बजावलं. ओवाळतानाचं हँडल त्याची आई इमामबी फिरवणार होती. जात्यासारखं एका लयीत फिरव, एवढंच तिला शिकवलं होतं.

पंचगंगेच्या काठावर कुस्ती लागली. बघायला अख्खी तालीम लोटली आणि तिथंच घात झाला. गुंडूनं ठरल्याप्रमाणं पाय धरून पट काढला. दिलदारनं पडायचं सोडून त्यालाच उचललं आणि चीत केलं. तालमीनं फेटे उडवले.

"दिलदार, पड की!" लुगड्यातला गैबी हँडल फिरवत ओरडला.

"पाठ न्हाय लागायची," दिलदार शांतपणे म्हणाला. "हुपरीला, मुरगूडला ह्यो सिनेमा जाणार. शिंप्यानं पाडला म्हणून लोक जल्मभर बोट दावतील."

गुंडू बिचारा पुन्हा भिडला, पुन्हा पडला. पोटावरचा कापूस नदीकडं उडाला. इकडं फिल्म संपत आलेली. गैबीनं हँडल आईच्या हातात दिलं, ओवाळायचं ताट उचललं आणि धावत जाऊन बकासुराच्या टाळक्यात हाणलं. दिलदारनं हात उगारला, पण समोर लुगडं दिसताच खाली घेतला. बाईमाणसावर हात टाकायचा नाही, हा तालमीचा नेम. आत गैबी आहे हे तो साफ विसरला. मान खाली घालून, हात जोडून मुकाट बसला. फिल्म संपेपर्यंत गैबी त्याला बडवत राहिला आणि इमामबी दळत राहिली.

चित्र बघताना सयाजीराव डोळ्यांत पाणी येईस्तोवर हसले. गैबीला वाटलं, संपलं सगळं.

"राक्षसाला बडवणारी ही बाई कोण रं?"

"मीच जी."

"उद्यापास्नं कंपनीत ये."

गैबीची नजर कोपऱ्यातल्या कॅमेऱ्याकडं गेली. "हँडलाला?"

"हँडल फिरवाय मानसं हायत की. बाई मिळत न्हाय. आन् ती मिशी पुन्यांदा फुटाय लागलीया, तेवढी काढून ये."

गैबी बाहेर आला. एखादं काम आपल्याला येत नसतं तर बरं झालं असतं, असं त्याला जन्मात पहिल्यांदा वाटलं.