पारिसअण्णांचा शनी

"वहिनी, गॅस जरा बंद करता काय? शनी थरथरायलाय."

भिंतीपलीकडून ही हाक आली, तेव्हा आम्हाला पिरनवाडीत राहायला येऊन आठवडाही झाला नव्हता. माझी बायको शोभा भाकऱ्या थापत होती. ती तशीच पिठाच्या हातानं बाहेर आली. पलीकडच्या गच्चीवर कानटोपी घातलेला, पन्नाशी उलटलेला एक माणूस अगदी गंभीरपणे उभा होता. आमच्या स्वयंपाकघराच्या खिडकीतून निघालेली गरम हवा त्याच्या दुर्बिणीसमोरून वर जात होती आणि त्या हवेत त्याचा शनी हलत होता. तक्रार अशी होती.

हे आमचे शेजारी, पारिसअण्णा. मूळचे निपाणीकडचे, जैन. स्वतः सूर्य मावळायच्या आत जेवून मोकळे व्हायचे. त्यामुळं नेमक्या दिवेलागणीला बाकीचे लोक चूल का पेटवतात, हे त्यांना खरोखरच कळत नसे. शोभानं पहिल्या दिवशी भिडेपोटी गॅस बंद केला. दुसऱ्या दिवशी मात्र "तुमच्या शनीला म्हणावं, भाकऱ्या होईस्तोवर दम धर," असं सांगून आली.

अण्णा उद्यमबागेतल्या एका फाउंड्रीत कॉम्प्युटर सांभाळायचे. ते काम पोटासाठी. जीव गुंतलेला तो घरच्या कामात. दुर्बिणीला कॅमेरा लावून ग्रहांचे फोटो काढणारे हौशी लोक असतात, त्यांच्यासाठी अण्णा सॉफ्टवेअर लिहायचे. कॅमेरा ग्रहाचा व्हिडिओ घेतो. हवा हलत असल्यामुळं त्यातल्या बहुतेक फ्रेम विसकटलेल्या असतात. अण्णांचं सॉफ्टवेअर त्यातल्या मोजक्या स्थिर फ्रेम वेचून ग्रह पडद्यावर निवांत बसवायचं आणि बाकीच्या टाकून द्यायचं. हे सगळं फुकट. जगभरचे लोक ते वापरायचे आणि जगभरचे लोक तक्रारी करायचे. सकाळी दात घासता घासता अण्णा बातमी द्यायचे, "ब्राझीलवाल्याचा गुरू अडकलाय, साहेब!" कुणाचे तरी महाराज सांबऱ्याच्या विमानतळावर अडकलेत, असं शोभाला बरेच दिवस वाटत होतं.

मी ऑफिसातलं रडगाणं गायला लागलो की अण्णा म्हणायचे, "टाका की वो ती फ्रेम." लग्न का केलं नाही, असं कुणी विचारलं तरी तेच. "ती फ्रेम टाकली."

घरात त्यांची मोठी बहीण होती, चंपाक्का. आई लवकर गेली, तेव्हा अण्णांना तिनंच वाढवलं. पुढं चिकोडीकडं तिचं लग्न झालं आणि वर्षाच्या आत नवरा गेला. सासरच्यांनी पत्रिका काढली, शनीवर बोट ठेवलं आणि तिला माघारी पाठवलं. तेव्हापासून चंपाक्का माहेरीच. तिच्या लेखी जे काही वाईट झालं, ते सगळं शनीनं केलं. दूध नासलं तरी शनी. भाऊ रोज गच्चीवर जाऊन त्याच शनीकडं बघत बसतो, हे तिला अजिबात पसंत नव्हतं. "मी न्हाय बाबा त्येचं तोंड बघणार," असं ती शोभाला सांगायची.

तरी भावाच्या हट्टापायी एकदा ती वर गेली. पण म्हातारपणी तिची मान सारखी हलायची. दुर्बिणीला डोळा लागेचना. काही न दिसताच ती खाली आली. "तवापासनं हे सॉफ्टवेअर लिहायला बसलो," अण्णा मला म्हणाले होते. ब्राझीलवाला, जपानवाला सगळे मागून आले.

मग एका हिवाळ्यात, नुकतं अंधारल्यावर, अण्णांनी आम्हालाही वर बोलावलं. चंपाक्काला शाल गुंडाळून खुर्चीत बसवलं होतं. समोर लॅपटॉप. आधी नुसतं पिवळं थरथरतं काहीतरी दिसलं. मग ते हळूहळू शांत झालं आणि कड्यासकट शनी दिसायला लागला.

आक्का बराच वेळ बघत राहिली.

"एवढुसा?"

"एवढुसाच."

"कडं घातल्यालं बाळ बसल्यागत दिसतंय की रं. ह्येच्या हातात काय असणार?"

आम्ही सगळे हसलो. अण्णांचा चेहरा इतका उजळलेला मी पुन्हा कधी पाहिला नाही.

पुढच्या पावसाळ्यात चंपाक्का न्यूमोनियानं गेली. अण्णांनी दुर्बिणीवर ताडपत्री टाकली. एका दुपारी मी त्यांच्याजवळ जाऊन बसलो आणि समजूत घालायची म्हणून म्हणालो, "अण्णा, आक्कांच्या मनातली भीती तरी तुम्ही घालवलीत."

अण्णा म्हणाले, "तुमी त्या दिवशी घरी गेलासा. मी तिला जिन्यानं खाली आणली. अंथरुणावर बसली आन् मला म्हणली, 'पारिस, मग माझं असं कुणी केलं रं?'"

अण्णाच पुढं बोलायला लागले.

"उभ्या जन्मात तिच्याजवळ शिव्या द्यायला एकजण हुता, साहेब. तो बी मी काढून घेतला. तिनं बोलायचं सोडलं. ताटावर बसायची, घास तसाच हातात धरून. मला वाटलं, आता जाती ही."

"मग?"

"मग मी म्हणलो, आक्का, ते लांबनं बारकं दिसतंय. खरं लई दांडगा हाय शनी. आपली पृथ्वी त्येच्यापुढं वाटाण्याएवढी. त्येनं मनात आणलं तर काय बी करंल."

"खरं वाटलं तिला?"

"माझ्याकडं बघत ऱ्हायली. मग अशी शिवी हासडली त्येला, तुमच्या घरापतोर ऐकू गेली आसंल. आन् जेवली. दोन भाकऱ्या खाल्ल्या, साहेब."

एवढं सांगून अण्णा हसायला लागले. हसता हसता त्यांनी खांद्यावरचा टॉवेल तोंडाला लावला, तो बराच वेळ काढला नाही.