आदिमानवाचे चार आवाज

जावईबापूंनी सासऱ्यांच्या पलंगाखाली मायक्रोफोन ठेवला तेव्हा त्यांच्या मनात काही पाप नव्हतं. नाइलाज होता. गरजवंताला अक्कल नसते म्हणतात, आणि इथे गरज नोकरीची होती.

जावईबापू एका संग्रहालयात ध्वनिमुद्रक होते, पण पाच वर्षं रोजंदारीवरच. तिथे 'माणूस बोलू लागला' नावाचं नवं दालन उघडायचं होतं. प्लास्टरची गुहा तयार होती, लाल बल्बच्या शेकोटीभोवती पाच केसाळ पुतळे बसवून झाले होते. आता बटण दाबलं की भाषा जन्माला येण्याआधीचा माणूस ऐकू यायला हवा, एवढंच राहिलं होतं. संचालिकाबाईंनी स्वच्छ सांगितलं होतं, "आवाज जमला तर तुमची नोकरी कायम करते. नाही जमला तर गुहा मुकी ठेवू. आणि मुक्या गुहेला ध्वनिमुद्रक कशाला हवा?"

आवाज पसंत करायला तीन तज्ज्ञांची समिती होती, आणि तिघांची तोंडं तीन दिशांना. एकाच्या मते माणूस आधी गायला, मग बोलला. दुसऱ्याच्या मते तो आधी हातवारे करायचा, तोंड फार नंतर उघडलं. तिसऱ्याचं म्हणणं, माणसाने जनावरांच्या नकला केल्या आणि त्यातून शब्द झाले. जावईबापूंनी एका मुरलेल्या नटाला आणून त्याच्याकडून गुरगुरून घेतलं, तर समितीने दोन मिनिटांत त्याला निकालात काढलं.

"अहो, याच्या गुरगुरण्यातसुद्धा स्वल्पविराम ऐकू येतात," गाणंवाले म्हणाले.

उद्घाटन चार दिवसांवर आलं. त्या सकाळी जावईबापू दात घासत असताना पलीकडच्या खोलीतून आवाज आला, "ह्रंऽऽफ्!" त्यांच्या हातातला ब्रश तसाच राहिला.

सासू-सासरे पंधरा दिवसांसाठी लेकीकडे राहायला आले होते. सासरे निवृत्त मुख्याध्यापक. व्यासपीठावर उभे राहिले की दीड तास खाली बसायचे नाहीत, टाळ्यांचे भारी शौकीन. घरात मात्र शब्द खर्च करणं त्यांना पटत नसे. जावयाशी ते आजवर सहा वाक्यं बोलले असतील, आणि त्यातली दोन पंख्याबद्दल होती. पण टॉवेल मागताना, चष्मा शोधताना, मोजे चढवताना आणि चहा यायला उशीर झाला की त्यांच्या घशातून जे काही निघे, ते ऐकून जावईबापूंच्या अंगावर काटा आला. ज्यासाठी लाखो वर्षं मागे जायचं, ते भिंतीपलीकडेच होतं!

दोन सकाळींत काम फत्ते झालं. समितीने चारही आवाज ऐकले आणि तिघं तज्ज्ञ प्रथमच एकमेकांकडे बघून हसले. गाणंवाल्यांना त्यात सूर सापडला. जनावरवाल्यांना साक्षात रानडुक्कर दिसलं. हातवारेवाल्यांनी डोळे मिटून सांगितलं, "हा आवाज काढताना उजवा हात पुढे आलेला आहे, लिहून देतो." हात पुढे आला होताच, टॉवेलसाठी.

"कुठून मिळवलंत हो हे?" संचालिकाबाईंनी विचारलं.

"जुन्या संग्रहातून," जावईबापू म्हणाले, आणि ते अगदीच खोटं नव्हतं.

नोकरी कायम होणार म्हटल्यावर बायको इतकी खूश झाली की तिने परस्पर आईबाबांच्याही जागा राखून ठेवल्या. तेही पहिल्या रांगेत.

"अगं, बाबांना कशाला? इतका वेळ बसवेल का त्यांना?"

"बसतील! कळू दे तरी तू काय काम करतोस ते. त्यांना वाटतं तू तिथे वायरी गुंडाळतोस."

जावईबापू हबकले. मग त्यांनी मनाची समजूत घातली. माणसाला स्वतःचा आवाज कधी ओळखू येत नाही, हे त्यांना धंद्यामुळे पक्कं ठाऊक होतं. आणि त्यात ते चुकले नाहीत.

उद्घाटनाला दोनशे माणसं होती. संचालिकाबाईंनी बटण दाबलं. "ह्रंऽऽफ्!" गुहा म्हणाली.

"किती रानटी," सासऱ्यांनी नाक मुरडलं. जावईबापूंचा जीव भांड्यात पडला. पण तेवढ्यात सासूबाईंनी पर्समधून छोटा टॉवेल काढून नवऱ्याच्या हातात दिला.

"ख्यॅऽक्!" गुहा म्हणाली. सासूबाईंनी नवऱ्याच्या कपाळावर चढलेला चष्मा खाली ओढून नाकावर बसवला.

"हूंऽहूंऽम्!"

"उलटा नाहीये मोजा, बरोबर आहे," सासूबाई वाकून बघत म्हणाल्या.

"ऊंऽऽ?"

"अहो, इथे कुठून आणू चहा?" त्या इतक्या मोठ्याने म्हणाल्या की सगळं दालन वळून बघू लागलं.

हातवारेवाले तज्ज्ञ धावतच आले. "बाई, तुम्हाला हे कळतं?"

"न कळायला काय झालं? चव्वेचाळीस वर्षं ऐकतेय."

सासऱ्यांनी गुहेकडे बघितलं, मग बायकोकडे, मग जावयाकडे. त्यांच्या चेहऱ्याचा रंग पालटत गेला. धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं, असं जावईबापूंना झालं. त्यांच्या कानाशी संचालिकाबाई कुजबुजल्या, "यांची परवानगी घेतली होती ना? नसेल तर आवाज आत्ताच्या आत्ता बंद. आणि मग तुमचंही..." वाक्य पुरं करायची गरजच नव्हती.

तिकडे तज्ज्ञ सासूबाईंना सोडायला तयार नव्हते. "पण बाई, नुसत्या आवाजावर एवढं भागत होतं, तर माणसाने भाषा काढलीच कशाला?"

"समजणारी बाई घरात नसली की काढावी लागते," सासूबाई म्हणाल्या. "मी चार दिवस माहेरी गेले की हे पूर्ण वाक्यं बोलतात. 'कृपया'सुद्धा म्हणतात म्हणे. शेजारीण सांगते."

हशा उसळला. टाळ्यांचा कडकडाट झाला. तिघं तज्ज्ञ खाली मान घालून भराभर लिहून घेऊ लागले.

टाळ्या ऐकल्याबरोबर सासरे सवयीने उठून उभे राहिले. उभं राहिल्यावर त्यांना टाळ्या कशाच्या आहेत ते आठवलं. ते जावयाकडे वळले आणि गरजले, "घ्रंऽऽऽह्!"

हा आवाज रेकॉर्डिंगमध्ये नव्हता. दोनशे माणसांनी सासूबाईंकडे बघितलं.

"परवानगी आहे म्हणतायत," पापणीही न लवता सासूबाई म्हणाल्या.

पुन्हा टाळ्या. संचालिकाबाईंनी कागद आणि पेन पुढे केलं. इतकी माणसं टाळ्या वाजवत असताना 'नाही' म्हणणं सासऱ्यांच्या रक्तातच नव्हतं. त्यांनी लफ्फेदार सही केली आणि खाली 'निवृत्त मुख्याध्यापक' असंही लिहिलं. "उद्या कायमच्या नेमणुकीचं पत्र घेऊन जा," संचालिकाबाई म्हणाल्या, आणि जावईबापूंना चक्क रडू आलं.

बाहेर पायऱ्या उतरताना सासरे लेकीचा हात धरून पुढे होते. जावईबापू सासूबाईंजवळ सरकले. "आई, तुमचे उपकार कसे फेडू? पण बाबा खरंच तसं म्हणाले?"

"छे हो! 'या गाढवाला आधी घराबाहेर काढा' असं म्हणाले."

"पण घर तर माझं आहे."

"ते रागाच्या भरात विसरले असतील."

"मग तुम्ही परवानगी म्हणून..."

"जावईबापू, ते म्हणतात तेच मी सांगत बसले असते, तर आजवर एक तरी काम धड झालं असतं का?"

जावईबापू मनापासून हसले. दोन पायऱ्या उतरले आणि थबकले. त्यांना सहा वर्षांपूर्वीची एक संध्याकाळ आठवली. त्यांनी घाम पुसत पुसत मुलीला मागणी घातली होती. सासरे वर्तमानपत्राआडून असंच काहीतरी म्हणाले होते, आणि आतून सासूबाईंनी गोड आवाजात सांगितलं होतं, "हो म्हणतायत."

विचारावं म्हणून त्यांनी तोंड उघडलं. सासूबाई त्यांच्याकडे बघून हसल्या, तसं त्यांनी ते मुकाट्याने मिटून घेतलं.