हेडसर हसले त्या दिवशी

“तुम्हा दोघांना कधी घर सोडून पळून जावंसं वाटतं का हो?”

जेवता जेवता भिंगरीने प्रश्न टाकला आणि लगेच तोंडात मोठा घास कोंबला. प्रश्न तिचा नव्हताच. मधल्या सुट्टीत तिच्या मैत्रिणीने, टाचणीने पैज लावली होती, “विचारून दाखव! असे भडकतील ना दोघं, बघच तू.”

कोणी भडकलं नाही.

“हो,” बाबा म्हणाले.

“रोज,” आई म्हणाली.

तेही इतक्या पटकन, की जणू कोणी विचारायचीच वाट बघत होते.

बाबा कवळ्या बनवायचे. घरातच, खिडकीजवळच्या टेबलावर. तिथे अख्ख्या वस्तीचे दात उन्हात रांगेने चमकत असायचे. “एक तळं,” बाबा समोरच्या भिंतीकडे बघत म्हणाले. तळं तिथेच असावं बहुतेक. “काठावर मी. आणि दूरदूरपर्यंत कोणीही ‘आ’ करत नाहीये.”

आई बस चालवायची. “मला एकदा बसच्या शेवटच्या सीटवर बसायचंय, खिडकीपाशी. ब्रेक दुसऱ्याचा, काळजी दुसऱ्याची. झाडं मागे चाललीयेत, डोळे मिटतायत… शेवटचा स्टॉप आला तरी उतरायचंच नाही.”

दोघं एकमेकांकडे बघून इतकं गोड हसले, की भिंगरीच्या पोटात गोळाच आला.

सकाळी आई शीळ घालत होती आणि बाबा माळ्यावरची जुनी बॅग काढून पुसत होते. गणिताच्या तासाला भिंगरीला फळ्यावर आपलं घर दिसत राहिलं. दोन खुर्च्या रिकाम्या. पडदा हलतोय. आणि टेबलावर नुसतेच दात, तिच्याकडे बघून हसणारे.

“सोप्पंय,” टाचणी म्हणाली. “एकालाच अडकव. दुसरा एकटा कुठे जाणारे?”

घरी आल्या आल्या भिंगरीने बाबांचा चष्मा पिठाच्या डब्यात पुरला. चष्म्याशिवाय बाबांना कोपऱ्यावरचं दुकानसुद्धा सापडत नसे, मग तळं कुठून सापडणार?

पण बाबा थांबणाऱ्यातले नव्हते. “असू दे गं, मिळेल कुठेतरी. हात बसलाय माझा.” दोन कवळ्या तयार होत्या, दोन निळ्या डब्या होत्या. बाबांनी अंदाजाने भरल्या, बॅगेत टाकल्या आणि भिंतीला हात लावत लावत शेजारीपाजारी पोचवूनही आले.

दुसऱ्या दिवशी शाळा सुटायच्या वेळेला सगळी गल्ली दारात उभी होती. निवृत्त हेडसर रस्त्याने हसत चालले होते! ज्यांना बघून कुत्रीसुद्धा रांगेत चालायची, ते हेडसर. समोरच्या काकूंची ऐसपैस कवळी त्यांच्या तोंडात बसली होती आणि ओठ काही केल्या मिटत नव्हते. काकूंच्या तोंडात हेडसरांची चिमुकली कवळी. त्यांच्या तोंडून सकाळपासून शब्द फुटला नव्हता.

“अरे देवा! आता खरंच पळून जावं लागणार,” बाबांनी डोक्याला हात लावला.

भिंगरीने ते ऐकलं आणि धावत जाऊन डब्यात हात घातला. चष्म्याबरोबर पीठही बाहेर आलं, जमिनीवर, केसांत, पापण्यांवर.

बाबांनी चष्मा चढवला आणि दोघांना घरात बोलावलं. काकूंनी खुणेनेच घाई केली. “राहू द्या हो, सावकाश करा,” काकूंबरोबर आलेले काका हळूच म्हणाले. हेडसर तर कवळी काढायलाच तयार होईनात. “हिरड्या ठणकतायत, कबूल,” ते म्हणाले. “पण आज नातू आपण होऊन मांडीवर येऊन बसला.”

शेवटी दोन्ही कवळ्या धुऊन, घासून आपापल्या घरी गेल्या. हेडसर जाता जाता दारात घुटमळले. “ओठ जरासे वर राहतील, असं काही करता येईल का?”

संध्याकाळी आईने भिंगरीच्या पापण्यांवरचं पीठ पदराने पुसलं. “आता सांग. चष्मा का लपवलास?”

“तुम्ही जाणार होतात. बॅगसुद्धा काढली होती.”

“अगं वेडाबाई, ती डब्या न्यायला!” बाबा म्हणाले.

“पळून गेलो तरी जेवायला घरीच येणार ना आम्ही,” आई म्हणाली. तिचे डोळे मात्र खिडकीबाहेर होते. दूर कुठेतरी झाडं मागे चालली होती. बाबाही पुन्हा भिंतीकडे बघू लागले.

भिंगरीने दोघांकडे नीट पाहिलं. पोटातला गोळा होताच, पण आता त्याच्यावर पाय देऊन उभं राहता येईल असं तिला वाटलं. ती खुर्चीवर चढली.

“मी ठरवलंय. येत्या रविवारी तुम्ही दोघांनी पळून जायचं. डबा न्यायचा. पोचलात की फोन करायचा. अनोळखी माणसांच्या तोंडात डोकवायचं नाही, बाबा. आणि आई, ड्रायव्हरला शिकवायचं नाही. घर मी सांभाळीन. मला जमतं. फक्त दिवेलागणीच्या आत परत यायचं. उशीर केलात, तर पुढच्या वेळी सोडणार नाही!”