आदी लेबल, मग झाकण

सावेकाकांनी पहिल्याच दिवशी माझ्या खुर्चीला लेबल चिकटवलं. पांढरा चौकोनी कागद, निळ्या शाईतलं छापल्यासारखं अक्षर: "ग्रंथपाल. आवक नवीन. दचकते. मोठ्याने हाक मारू नये."

राग आला, पण त्यात खोटं काय होतं? मी दचकतेच. लग्न होऊन साताऱ्याकडून बोईसरला आले त्याला अकरा वर्षं झाली, तरी एमआयडीसीतला भोंगा अवेळी वाजला की मी दाराकडे धावते. वारा फिरून नाकात काहीतरी आंबट शिरलं की शेजारणी नुसत्या खिडक्या लावतात आणि पुन्हा भाजी निवडायला बसतात. मी मात्र नवऱ्याला फोन लावते, "अहो, तुमच्या कंपनीतलं नाही ना?" मध्येच कधी भूकंपाच्या धक्क्याने जमीन हलते, तेव्हा मांडणीवरच्या भांड्यांच्या आधी मी वाजते.

अशा माझ्या वाट्याला सावेकाका यावेत म्हणजे बघा. आमचं वाचनालय बाजारात पिठाच्या चक्कीवरच्या माळ्यावर आहे. काका तिथं फुकट काम करतात. तारापूरकडचा माणूस, घरची चिकूची वाडी, आणि उभी हयात एका केमिकल कंपनीचं स्टोअर सांभाळण्यात गेलेली. बायको वारली, मुलगी सुजाता नाशिकला. निवृत्त होऊन इतकी वर्षं झाली, पण फोन वाजला की अजून म्हणतात, "स्टोअर, सावे." समोरचा बँकेतला असो नाहीतर चुकून लागलेला असो.

"आदी लेबल, मग झाकण!" हा त्यांचा गुरुमंत्र. लेबल नसलेल्या वस्तूला ते हात लावत नाहीत. एकदा मी त्यांच्या घरी गेले होते. मीठ, साखर, हिंग, ठीक आहे. पण छत्रीला लेबल? "छत्री. फक्त पावसात." देवघरातल्या उदबत्तीला "धूर होतो." शेजाऱ्यांचा कुत्रा ओटीवर झोपला होता, त्याच्या पट्ट्यावर "अद्याप चावलेला नाही. तपासणी बाकी." मी हसून हसून बेजार. काका गंभीर. "हस तू, बाय. ज्याला नाव नाय ना, तेच घात करतं."

पुस्तकांनाही त्यांनी हाच कायदा लावला. भयकथा सगळ्यांत खालच्या फळीवर. का? "वरनं कोणाच्या डोक्यात पडली तर?" कोणी कवितासंग्रह नेत असेल तर दारापर्यंत मागे जाऊन सांगणार, "रिकाम्या पोटी वाचू नको." आत्मचरित्रांवर त्यांचा विश्वासच नाही. "मालही त्याचा, आणि तपासणारही तोच. असं चालतं काय?"

त्यांचा खरा वैरी म्हणजे पुस्तकाच्या मागचा मजकूर. पेन्सिल धरून एकेक शब्द तपासायचे. 'दाहक वास्तव' लिहिलं असेल तर कण्याला लाल पट्टी. 'ज्वलंत प्रश्न' असेल तर लाल पट्टी आणि शेजारी वाळूची बादली. 'चौकटी मोडणारं लेखन' वाचलं की म्हणायचे, "मोडका माल घेऊ नको, परत धाड." आणि एकदा 'वाङ्मयप्रकारांच्या सीमा ओलांडणारी कृती' असं वाचून चक्क पांढरे पडले.

"गळती हाय ही, बाय. सीमा ओलांडली म्हणजे गळतीच!"

"काका, अहो, कौतुक आहे ते."

"कौतुक? हे बघ काय लिवलंय. कादंबरी म्हणावी तर कादंबरी नाही, कविता म्हणावी तर कविता नाही. मग हाय काय? नाय काय ते कोणीही सांगल. हाय काय ते सांगायला यांना बोलावलंय ना?"

तोंडात मारल्यासारखं झालं मला. मी स्वतः ग्रंथालयशास्त्र शिकले, पण असली पुस्तकं आली की 'संकीर्ण' लिहून मोकळी व्हायचे. काकांना 'संकीर्ण' चालत नसे. अशा पुस्तकांसाठी त्यांनी कोपऱ्यात एक छोटं लोखंडी कपाट ठेवलं होतं. वर लेबल, "तपासणी बाकी."

या कपाटावरून गंगूमावशी त्यांच्याशी रोज भांडायची. मावशी सातपाटीची, बाजारात सुकी मासळी विकते आणि आठवड्याला एक पुस्तक फस्त करते. "अरे सावे, जाळ्यात काय येणार ते आदी विचारून जाळं टाकतं का कोण? येल ते येल. बोंबलात मांदेली आली म्हणून समुद्राला परत करू?"

"तुझी मांदेली फुटत नाय, मावशे," काका म्हणायचे.

मीही मावशीच्या बाजूने हसायचे. पण एके दुपारी खाली चक्की सुरू झाली, नेहमीसारखी जमीन थरथरली आणि ते लोखंडी कपाट खडखडायला लागलं. काका उठले, कपाटाला पाठ लावून उभे राहिले आणि चक्की बंद होईपर्यंत हलले नाहीत. डोळे मिटलेले, कपाळावर घाम. त्या दिवसापासून मला त्या कपाटाचं हसू येईना. त्यांची भीती मलाही लागली.

मागच्या महिन्यात पोस्टाने एक पुस्तक आलं. पाकिटावरचं अक्षर बघून काकांचा हात मागे गेला. "सुजीचं हाय."

सुजाता लिहिते हे मला माहीतच नव्हतं. मी पुस्तक उलटवून पाहिलं. मागे कौतुकबिवतुक काही नाही, एकच ओळ: "हे काय आहे, ते लिहिणारीलाही माहीत नाही."

"निदान खरं बोलली," काका पुटपुटले. पुस्तक दोन बोटांत धरून त्यांनी कपाटात ठेवलं, कुलूप घातलं आणि किल्ली खिशात. मी म्हटलं, "काका, मुलीचं पुस्तक! उघडून तरी बघा." ते स्टुलावर बसले. मग जे बोलले ते खाली बघून.

स्टोअरमध्ये एकदा लेबल नसलेला ड्रम आला होता. त्यांच्या हाताखालच्या रामसूरतने झाकण उघडलं. त्याचे दोन्ही डोळे गेले. तो गावी परत गेला आणि नंतर काही कळलं नाही. हा रामसूरत घरचाच माणूस, सुजातासाठी रोज पेपरमिंट घेऊन यायचा. ती विचारत राहिली, बाबा, रामसूरतकाका कुठं गेले, काय झालं त्या दिवशी? काकांनी कधीच सांगितलं नाही. तीन वर्षांपूर्वी ती फोनवर म्हणाली, तुम्ही सांगत नाही तर मी लिहिते. तेव्हापासून काकांनी तिचा फोन उचलला नाही.

"त्या दिवसाचं लिवलं असंल तिनं," ते म्हणाले. "आता सगळी वाचतील."

मी म्हटलं, "पण झाकण तर रामसूरतने उघडलं ना?"

काकांनी माझ्याकडे असं पाहिलं की मी पुढे विचारलं नाही.

पंधरा दिवस पुस्तक कुलपात. काकांची तब्येत उतरली, लेबलं लावणंही थांबलं. मग एका दुपारी ते चहाला खाली गेले आणि किल्ली टेबलावर विसरले. गंगूमावशीला तेवढंच हवं होतं. मी "मावशी, नको हो" म्हणेपर्यंत कपाट उघडून, पुस्तक काढून तिची पानं चाळून झालीसुद्धा.

काका जिन्यावरून वर आले आणि ओरडले, "झाकण लाव! लाव आदी झाकण!"

त्यांचा तसला आवाज मी कधी ऐकला नव्हता. मी टेबलामागे सरकले. मावशी मात्र थंड. "ओरडतो कशाला? यात तर तुझीच लेबलं हायत."

खरंच होती. घरातल्या लेबलांचे फोटो, मध्ये आईच्या हातचं वालाचं बिरडं, मध्ये कवितेसारखं काहीतरी, मध्ये भोंगा कधी किती वेळा वाजला त्याची यादी. काका मटकन खाली बसले. "वाच," मला म्हणाले. "ते पान असंल. ते वाच."

ते पान होतं. मी मोठ्याने वाचलं.

"मी नऊ वर्षांची होते. त्या दिवशी बाबा दुपारीच घरी आले. नळाखाली हात धरून बसले, टाकी रिकामी झाली तरी उठेनात. मग त्यांनी घरातल्या सगळ्या डब्यांना लेबलं लावली. शेवटी एक माझ्या फ्रॉकला लावलं. सुजाता. वय नऊ. नाजूक. मला वाटलं खेळ आहे. मग काय झालं होतं, ते मला माहीत नाही."

पुढच्या पानावर फक्त एक रिकामं लेबल छापलेलं होतं. माल, आवक, खबरदारी, सही, सगळे रकाने कोरे. खाली बारीक अक्षरात: "हे पान बाबांचं. मी वाट बघते."

ज्याला ते जन्मभर भ्यायले, तेच लेकीने त्यांच्या पुढ्यात ठेवलं होतं. कोरं लेबल. मावशीने डोळ्यांना पदर लावला. काका पुस्तक घेऊन घरी गेले. नोंद न करता वाचनालयाबाहेर गेलेलं ते पहिलं पुस्तक.

चौथ्या दिवशी आले. पुस्तक माझ्यापुढे उघडं ठेवलं. निळी शाई, छापल्यासारखं अक्षर:

"माल: माहीत नव्हता.
आवक: सकाळी. लेबल लावायचं काम माझं. चहा पिऊन लावणार होतो.
झाकण: रामसूरतनं विचारलं, सावेजी, इसमें क्या है? मी म्हटलं, खोल के देख ले.
नुकसान: त्याचे डोळे.
साक्षीदार: कोणी नाही.
खबरदारी: मुलीनं विचारलं की सांगावं. उशीर करू नये.
सही: य. र. सावे."

खरं सांगते, क्षणभर मला त्या माणसाची भीती वाटली. मग वर पाहिलं, तर माझ्यापेक्षा तेच जास्त घाबरलेले होते. इतकी वर्षं हे घेऊन एकटे राहिले, कुत्र्याच्या गळ्यातसुद्धा लेबल बांधत. मला रडू आलं आणि मी ते लपवलं नाही.

नोंदवही पुढे ओढून मी विचारलं, "काका, प्रकार काय लिहू?"

"मला काय विचारतेस? तिला विचार. तुझ्या फोनवरनं लाव."

काकांनी सांगितलेला नंबर मी लावला. सुजाताने उचलला. मी काही बोलायच्या आत काकांनी फोन माझ्या हातातून घेतला. खाली चक्की सुरू झाली, कपाट खडखडायला लागलं. त्यांनी तिकडे पाहिलंसुद्धा नाही.

"स्टोअर, सा..." सवयीने तोंडातून गेलं आणि ते थांबले. दोन्ही हातांनी फोन धरला.

"बाबा बोलतोय," ते म्हणाले. "विचार आता, काय विचारायचंय ते."